पुढंकाय बाई

माझी चूक सांगायला दोन वाक्यं पुरतात. सोसायटीच्या सर्वसाधारण सभेत एका ठरावाला अनुमोदन द्यायला मी उभा राहणार होतो. मी उभा राहिलो नाही.

याशिवाय मी काही केलं नाही. कुणाला शिवी दिली नाही, कुणाचा बांध कोरला नाही, खोटी सही केली नाही. सतरंजीवर बसलो होतो, तो बसून राहिलो. त्यापायी एका मुलीचं कॉलेज गेलं आणि एका बाईचा शब्द खोटा पडला. मुलीला ते कुणामुळं गेलं हे कळलं नाही आणि बाईंनी ते कधी कुणाला सांगितलं नाही. हे सगळं आज लिहितो आहे, कारण बाई वारल्यावर त्यांच्या शोकसभेत मी बराच वेळ बोललो, लोकांनी डोळे पुसले आणि सूत्रसंचालकानं माझी ओळख ‘बाईंचे जुने सहकारी’ अशी करून दिली. ती ओळख घेऊन मी घरी आलो आणि मला जेवण गेलं नाही.

पण माझ्याआधी बाई सांगायला हव्यात.

आमचं गाव सिरसाळा आणि दिंद्रुडच्या मधे, रस्त्यापासून थोडं आत. बाई तिथल्या शाळेत मराठी शिकवायला आल्या तेव्हा मी तालुक्याला कॉलेजात होतो, म्हणून मी त्यांचा विद्यार्थी नाही. उंच, सावळ्या, चालताना हात सैनिकासारखे हलवणाऱ्या. पायात चांभाराकडून मुद्दाम शिवून घेतलेल्या पुरुषी वहाणा आणि मनगटावर वडिलांचं मोठ्या तबकडीचं घड्याळ. वडील रेल्वेत गँगमन होते. एम. ए. झालेली बाई आमच्या पंचक्रोशीनं तोवर पाहिली नव्हती. त्यातून ती बौद्ध घरातली निघाली, पुस्तकं लिहिणारी निघाली आणि नवऱ्याला सोडून एकटी राहणारी निघाली. तिचं काय करायचं हे गावाला समजेना. म्हणून गावानं ती वेडी आहे असं ठरवलं आणि मग सगळ्यांनाच सोपं झालं.

वेडी म्हणायला कारणंही त्या पुरवायच्या. त्यांना बसून लिहिता येत नसे. शाळा सुटली की नदीच्या कोरड्या पात्रात जाऊन येरझाऱ्या घालायच्या आणि एकेक वाक्य मोठ्यानं म्हणायच्या. पटलं नाही तर स्वतःलाच ओरडायच्या, “हॅट! असं कोण बोलतं?” गुरं वळणारी माणसं थांबून बघत. एकदा एकानं विचारलं, “बाई, कोणासंगं भांडताव?” बाई म्हणाल्या, “एका बापासंगं. पोरीला कॉलेजात धाडीना झालाय.” “मग धाडतो म्हणला का?” “न्हाई अजून. उद्या परत येते.”

मुलगी भेटली की त्या नाव विचारायच्या नाहीत. थेट सुरुवात.

“कितवीला?”

“नववीला, बाई.”

“पुढं काय?”

“धाव्वी.”

“त्याच्या पुढं काय?”

“बारावी.”

“त्याच्या पुढं?”

इथं पोरगी गप व्हायची, पायाच्या अंगठ्यानं माती उकरायची. बाई खाली वाकून तिच्या तोंडाजवळ तोंड नेत म्हणायच्या, “हितं गप बसायचं न्हाई. हितनंच तर सुरू होतंय.”

म्हणून गावानं त्यांचं नाव पाडलं पुढंकाय बाई. पोरं मागून ओरडायची, बाई मागं न बघता हात हलवायच्या. सवय इतकी जडली होती की एकदा माझ्या आजीलाही त्यांनी तंद्रीत विचारलं, “मग आज्जी, पुढं काय?” आजी म्हणाली, “पुढं काय बाई, मसणवटा.” बाई शुद्धीवर आल्या आणि दोघी पदरात तोंड घालून हसत सुटल्या.

त्यांचं एक कथांचं पुस्तक औरंगाबादेत छापलं होतं. दुकानात ते कोण घेणार? बाई दर आठवड्याला सिरसाळ्याच्या बाजारात जाऊन कांदेवाली आणि कासार यांच्या मधे पोतं अंथरून ती पुस्तकं विकायला बसत. शेजारच्या कांदेवालीसारखंच ओरडत. “वाचून बघा, मग घ्या! फुकट वाचा!” एखादी शाळकरी मुलगी उभी राहिली तर तिला पान उघडून द्यायच्या. ती अडखळत वाचायची, कांदे निवडणाऱ्या बायका ऐकायच्या. मुलीनं पान पुरं केलं की पुस्तक तिचं. या व्यापारात बाईंनी किती घालवलं देव जाणे. कासार मला एकदा म्हणाला, “तुमच्या बाईपायी माझं गिऱ्हाईक ताटकळतंय. हातात बांगडी अर्धी चढवून बाया गोष्ट ऐकत बसत्यात.”

मी ते पुस्तक वाचलं होतं. प्रत्येक कथेत एक मुलगी शिकायला निघते आणि अर्ध्यात काहीतरी होतं. मी म्हणालो, “बाई, एखादी तरी पोहोचू द्या की.”

“पोहोचली की लिहिते,” त्या म्हणाल्या.

बीडच्या एका साप्ताहिकात त्या लेखही लिहीत. त्यातल्या एका लेखाची आठवण अजून गावातली जुनी माणसं काढतात. बाईंनी लिहिलं होतं की आमच्याकडं मुलींची शाळा काढणारे पुष्कळ झाले, पण ती विहीर पाषाण लागेपर्यंतच खणली जाते. वरची माती उपसायला सगळे येतात, नारळही फुटतो. पाषाण लागला, सुरुंग लावायची वेळ आली, की खणणारे घरी जातात आणि त्या कोरड्या खड्ड्याला विहीर म्हणत राहतात. बारावी हा पाषाण आहे आणि पाणी त्याच्या खाली आहे. सोसायटीच्या चेअरमननी तो लेख कट्ट्यावर मोठ्यानं वाचला आणि म्हणाले, “बाई विहिरीतलं लई बरोबर लिहिती बे! कुणी शिकवलं हिला?”

बाईंच्या वेडाची सगळ्यात मोठी चर्चा लग्नात व्हायची. शिक्षण सोडवून लग्न लावलेल्या मुलीच्या मांडवात त्या न चुकता जायच्या, अक्षता टाकायच्या, पण जेवायच्या नाहीत. तांब्याभर पाणी मागून उभ्यानं प्यायच्या आणि निघायच्या. सगळ्यांना समजायचं. दुष्काळ पडला, टँकर सुरू झाले, तरी त्यांची रीत तीच. एका मुलीच्या बापानं भर मांडवात हात जोडले. “बाई, तुमी जेवा. भात हाय, बुंदी हाय. तेवढं पाणी मागू नका, ते परवडंना.” मांडव हसला. बाईही हसल्या आणि पाणी न पिता गेल्या.

त्या देवी नव्हत्या, हेही सांगायला हवं. फार तापट होत्या. शिकायला नको म्हणणाऱ्या मुलीचा त्यांना राग यायचा, जणू तिनं त्यांचं काही चोरलं आहे. परळीच्या कॉलेजातून घरच्या आठवणीनं रडत परत आलेल्या एका पोरीला त्या आईसमोर म्हणाल्या, “रडायचंच होतं तर हितं रडायचं, तिथली जागा कावून अडवलीस?” पोर परत गेलीच नाही. बाई नंतर दोन वेळा त्यांच्या दारात गेल्या, त्या घरानं कवाड उघडलं नाही. हे त्या स्वतःच सांगायच्या. म्हणायच्या, “माझं तोंड माझ्या कामाचं दुश्मन हाय.”

माझ्यावर मात्र त्यांचा जीव होता. बी.कॉम. होऊन मी घरी बसलो होतो. चेअरमनच्या ओळखीनं नव्या साखर कारखान्यात नोकरीची खटपट चालू होती. कॉलेजात मी वक्तृत्वाची ढाल मिळवली होती आणि बाईंना त्याचं अप्रूप. मला त्या ‘अरे’, ‘लेका’ म्हणायच्या. मीही त्यांच्यासोबत आसपासच्या गावांत हिंडायचो. आईबाप ओसरीवर बसायचे, बाई मुद्दा मांडायच्या, आणि बाप गडबडला की मी आकडेमोड करून दाखवायचो. “आपली जोडी बरी हाय,” बाई म्हणायच्या. “मी भांडते, तू मिटवतोस.”

अशाच हिंडण्यात सुमन भेटली.

सुमनचे आईवडील दर वर्षी ऊसतोडीला जायचे. मागं राहिलेल्या आजीजवळ राहून ती बारावी झाली, तेही पहिल्या श्रेणीत. बोलायची कमी. बाईंनी तिला ‘पुढं काय’ विचारलं तेव्हा तिनं माती उकरली नाही. म्हणाली, “बी.ए. त्याच्या पुढं तुमच्यावानी एम.ए.” बाई तिच्याकडं बघतच राहिल्या. त्या दिवशी परतताना नुसत्या वहाणा वाजवत पुढं चालल्या होत्या.

जूनमध्ये बाईंनी तिचा परळीच्या कॉलेजात प्रवेश करवला. पण राहायचं कुठं? मुलींचं सरकारी वसतिगृह जिल्ह्याच्या गावी, तेही भरलेलं. एस.टी.नं जाऊन-येऊन करायचं तर परतीची गाडी अंधार पडल्यावर. बाईंची स्वतःची खोली आमच्या गावात. सुमनचे वडील सरळ माणूस. म्हणाले, “एकली पोर भाड्याच्या खोलीत ठेवणार न्हाई. चार पोरींत ऱ्हाती म्हणा, आत्ता धाडतो.”

पावसाचं ते सलग दुसरं कोरडं वर्ष होतं. विहिरींत कपार दिसत होती, खडी फोडायच्या कामावर अर्धं गाव होतं. मुकादमांच्या जीपा त्या वर्षी लवकरच फिरू लागल्या. ऊसतोडीला मुकादम एकट्या माणसाला घेत नाही, जोडी घेतो. नवरा-बायकोच्या जोडीला ‘कोयता’ म्हणतात. घरात वयात आलेली मुलगी असली की दसऱ्याच्या आधी तिचं लग्न उरकायचं. आणखी एक कोयता तयार होतो आणि मागं पोरीला राखायची काळजी उरत नाही. सुमनसाठी एक स्थळ आलं. मुलगा निर्व्यसनी होता. वडिलांनी बाईंना सांगून पाठवलं, “सोय होती का न्हाई ते सांगा. मला टोळीत नाव द्यायचंय.”

बाई स्वतः गेल्या. मी सोबत होतो. सुमन दाराआड उभी होती. बाई म्हणाल्या, “सोसायटीच्या सभेपतूर थांबा. मी सोय करते.”

“शब्द देताव का, बाई?”

“देते.”

बाईंच्या डोक्यात काय होतं ते आधी मलाही ठाऊक नव्हतं. आसपासच्या गावांची मिळून आमची खरेदी-विक्रीची सोसायटी होती. तिचं परळीला कॉलेजच्या रस्त्यावर मोठं दगडी गोदाम होतं. पीकच नव्हतं, त्यामुळं गोदाम रिकामं, कुलूप गंजत पडलेलं. ते मुलींना राहायला मागायचं. पण बाईंच्या नावावर जमीन नाही, म्हणून त्या सभासद नाहीत, आणि सभासदाशिवाय कुणाला ठराव मांडता येत नाही. मांडायला एक सूचक लागतो, पाठीशी एक अनुमोदक लागतो. दोघांपैकी एक नसला तर ठराव चर्चेलाही येत नाही.

सूचक म्हणून बाईंनी माझ्या काकूला धरलं. काका गेल्यावर शेअर काकूच्या नावावर झाला होता, पण ती आयुष्यात सभेला गेली नव्हती. अनुमोदक मी. आजोबांचा शेअर माझ्या नावावर होता.

आठवडाभर आमच्या परसात तालीम चालली. बाई चेअरमन व्हायच्या, बाजेवर पाय सोडून बसायच्या.

“हां वैनी, बोला.”

काकू पदर सावरून उभी राहायची. “मी ठराव मांडते, की…” आणि हसू फुटायचं.

“हसू नका. परत.”

“बाई, अन् चेअरमन म्हणला खाली बस, तर?”

“तर बसायचं न्हाई.”

“अन् पाय कापायले तर?”

“तर तसंच कापत उभं ऱ्हायचं. पाय कापलेले सभेला दिसत न्हाईत, लुगडं असतंय.”

काकू पुन्हा हसायची. मग बाई माझ्याकडं वळायच्या. “अन् तू, लेका? म्हणून दाखव.”

“माझं अनुमोदन आहे.”

“ढालवाल्याला एवढं जमंल.” त्यांनी माझी तालीम एकदाच घेतली. गरज वाटली नाही.

सभा सोसायटीच्या आवारात मांडव घालून भरली. बाईंना आत यायला मनाई नव्हती, पण त्या आल्या नाहीत. “मी दिसले की ठराव माझा होतो,” म्हणाल्या. त्या बाहेर लिंबाखाली टँकरची वाट बघणाऱ्या बायकांत जाऊन बसल्या. कर्ण्यातून आतलं सगळं तिथं ऐकू जात होतं.

सेक्रेटरी विषय वाचत होता, लोक ‘मंजूर, मंजूर’ म्हणत होते. अहवाल मंजूर, ताळेबंद मंजूर. शेवटचा विषय नेहमीचाच, अध्यक्षांच्या परवानगीनं ऐनवेळी येणारे विषय. तो वाचल्याबरोबर लोक उठायला लागतात. तेवढ्यात बायकांच्या बाजूनं माझी काकू उभी राहिली.

तिनं पदर डोक्यावरून पुढं ओढला आणि न अडखळता म्हणाली, “मी ठराव मांडते, की परळीचं आपलं गोदाम रिकामं हाय. पीक येईस्तोवर ते कॉलेजात शिकणाऱ्या पोरींना ऱ्हायला द्यावं. कोणत्याबी गावच्या, कोणत्याबी जातीच्या पोरी.”

मग मागून कुणीतरी बोललं, “कोणाकोणाच्या पोरी एका जागी निजवणार बे? अन् चूल कोणाची?”

दुसरा म्हणाला, “चूल पुढंकाय बाईची!”

आणि हशा पिकला. साधासुधा हशा नव्हता. त्यात काय भरलेलं होतं ते मांडवातल्या प्रत्येकाला कळत होतं. माझे मित्र हसत होते, सोबत कॉलेजला गेलेले हसत होते. मला लिहायला लाज वाटते, पण त्या हशात माझेही ओठ हलले.

“आरं गप बसा,” चेअरमन म्हणाले. “वैनी पह्यल्यांदा बोलल्यात. ठराव वंगाळ न्हाई. अनुमोदक कोण?”

मी सतरंजीवर हात टेकला. उठायला टेकतात तसा. त्या क्षणी मला इतकंच दिसलं की मी उभा राहिलो की तो हशा माझ्यावर वळणार. चूल कोणाची, तर ह्याची. हात टेकलेलाच राहिला.

“अनुमोदक कोण हाय का?” चेअरमननी पुन्हा विचारलं. त्यांनी माझ्याकडं पाहिलं, बहुधा काकू माझ्याकडं बघत होती म्हणून. काकू मान वळवून उभीच होती. तिनं खूण केली नाही, हाक मारली नाही. नुसती वाट बघत होती.

“न्हाई कोणी? मग माझ्या हातात काई न्हाई, वैनी. नेम हाय. बसा.”

मी पुढं कितीतरी वर्षं स्वतःला सांगत आलो की कारखान्यातल्या नोकरीमुळं मी गप बसलो. नोकरीसाठी गप बसणं माणसाला समजतं, माफही होतं. पण ते खोटं आहे. चेअरमननी मला अडवलं नव्हतं, आणि मी अनुमोदन दिलं असतं तरी नोकरी मिळालीच असती. मी हशाला भ्यालो. दुसरं काही नाही.

सभा उठली. बाई आत आल्या. काकूचे दोन्ही हात हातात घेऊन म्हणाल्या, “शाबास! एक शब्द चुकला न्हाई.” काकू रडायला लागली. मग बाई माझ्याकडं वळल्या. मी तयारी ठेवली होती. त्या ओरडतील, चारचौघांत काढतील, त्यांचं तोंड मला माहीत होतं. बाई शांतपणे म्हणाल्या, “अहो, चहा घेतलात का तुम्ही?”

त्या दिवसापासून मरेपर्यंत त्यांनी मला ‘अहो’ म्हटलं. ‘अरे’ नाही, ‘लेका’ नाही. कुणाला वाटेल मान दिला. ज्याला एकदा ‘अरे’ची सवय लागली त्यालाच त्यातली शिक्षा कळेल.

सुमनचं लग्न आठवड्याच्या आत विहारासमोर लागलं. वंदना झाली, पांढऱ्या साडीतली सुमन खाली मान घालून उभी होती. सगळं गाव बाईंकडं बघत होतं, आता तांब्या मागतील म्हणून. बाई पंगतीत जाऊन बसल्या. वाढलेलं सगळं जेवल्या, भाताचं शीतही ठेवलं नाही. लोकांना वाटलं, बाई निवळली. मी वाढायला होतो, मला कळलं. पाणी पिऊन निघून जायचं ते मुलीच्या घरच्यांवर रागावून. इथं रागावायचा अधिकार आपल्याला उरला नाही, असं त्यांनी ठरवलं होतं.

हात धुऊन त्या सुमनजवळ गेल्या. मी मागंच पातेलं धरून उभा होतो. बाई म्हणाल्या, “सुमन, मी शब्द दिलता. मला न्हाई जमलं.”

सुमननं वर पाहिलं. “कावून न्हाई जमलं, बाई?”

बाईंना माझं नाव घेता आलं असतं. मी हातभर अंतरावर होतो. बाई म्हणाल्या, “माझ्याच्यानं झालं न्हाई.”

सुमननं तोंड फिरवलं. पुढच्या आठवड्यात ती ट्रकमधे चढून गेली.

मी कारखान्याला लागलो. महिला दिनाला, शाळेच्या गॅदरिंगला मुलींच्या शिक्षणावर बोलायला मला बोलावत, आणि मी बाईंचीच वाक्यं वापरून टाळ्या घेई. माझी मुलगी पुण्याला इंजिनियर झाली. तिला वसतिगृहात सोडलं तेव्हा तिथल्या बाईनं तिच्या खोलीची किल्ली माझ्या हातात दिली, आणि ती मुलीला देताना मला तिच्याकडं बघता आलं नाही.

बाईंनी निवृत्तीनंतर परळीला एक जुनं घर भाड्यानं घेऊन त्यात खेड्यातल्या मुली ठेवल्या. त्यांतल्या काही शिकल्या, काही मधेच परत गेल्या. कथा लिहिणं मात्र त्यांनी त्या सभेनंतर थांबवलं होतं. कधी कुणी विचारलं तर म्हणत, “शेवट जमंना झालाय.”

त्या अंथरुणाला खिळल्याचं कळलं तेव्हा मी भेटायला गेलो. “या, बसा तुम्ही,” म्हणाल्या. मुली चहा ठेवून बाहेर गेल्यावर मी धीर केला. “बाई, सभेच्या दिवशी माझ्याकडून…”

त्यांनी हात वर केला. “माझी माफी कशाला मागताय? माझं काय गेलं? सुमनला अजून ठाऊक न्हाई.”

“तुम्ही तिला सांगितलं कावून नाही, बाई?”

“शब्द मी दिलता, तुमी न्हाई. पण माफी मागायचीच असंल तर पत्ता सांगते. धर्मापुरीला असती ती. गिरणी घातलीय पिठाची. माझ्याकडं येत न्हाई.” मग म्हणाल्या, “लई वाटतं, यावी एकदा.”

मी ‘जातो’ म्हणालो. गेलो नाही. आज-उद्या करत राहिलो आणि बाई गेल्या. सुमन मातीला आली नव्हती. त्यानंतर ती शोकसभा झाली, टाळ्या वाजता वाजता राहिल्या.

शोकसभेच्या दुसऱ्या दिवशी मी धर्मापुरीला गेलो. जुन्या देवळाकडं जाणाऱ्या वाटेला गिरणी लगेच सापडली. आत पट्टा फिरत होता, कानठळ्या बसत होत्या. सुमन गिरणीच्या तोंडाशी उभी होती, डोक्यापासून पायापर्यंत पिठानं पांढरी. दारात डबे घेऊन बायका, दोन-चार माणसं बसलेली. तिनं मला ओळखलं.

“दादा, तुमी? हिकडं कुठं?”

मी म्हणालो, “बाई गेल्या.”

“कळलं मला.” तिनं चाळणीवर हात मारला. “न्हाई आले मी. माणसानं शब्द देऊ न्हाई, दिला तर पाळावा. मी लई दिवस वाट बघितलीती त्या बाईची. फडावर कोयता मारताना बी वाटायचं, येतील, म्हणतील चल. आल्या न्हाईत.”

मी काहीतरी पुटपुटलो. पट्ट्याच्या आवाजात मलाच ऐकू आलं नाही.

“काय म्हणताव?” ती ओरडली. “मोठ्यानं बोला, हितं ऐकू येत न्हाई!”

“गिरणी जरा बंद करता का?”

“दळण पडलंय आत, बंद न्हाई करता येत. बोला तुमी!”

डबेवाल्या बाया माझ्याकडं बघायला लागल्या. त्यांतली एक दुसरीच्या कानाला लागली आणि दोघी हसल्या. बसलेली माणसं वळून पाहू लागली. या वयात, पिकल्या केसांनी, मला पुन्हा तिथून निघून जावंसं वाटलं.

मी पायरीवर चढलो आणि जेवढा आवाज होता तेवढा लावून बोललो. “सुमनताई, बाईंनी शब्द पाळला होता! गोदामाचा ठराव त्यांनी सभेत आणला होता. माझ्या काकूनं मांडला, आणि त्याला अनुमोदन मी द्यायचं होतं. लोक हसले, म्हणून मी उठलो नाही. तुमचं कॉलेज बाईंनी घालवलं नाही, मी घालवलं. तुमच्या लग्नात त्या तुमच्याशी बोलल्या तेव्हा मी मागं उभा होतो, तेव्हाही गप बसलो. त्यांनी माझं नाव तुम्हाला सांगितलं नाही, आणि त्या जाईपर्यंत तुम्ही त्यांच्यावर रागावून राहिलात. त्या तुमची वाट बघत होत्या. तुमचं त्यांच्याकडं यायचं राहिलं, तेही माझ्यामुळं. मी चुकलो, ताई. मला माफ करा.”